तिसरा नंबर

— नाही नाही, पडद्याला हात लावायचा नाही, पेंबर्टनसाहेब. हवा हवी असेल तर मी जिन्याचं दार उघडते, पण खिडकीला पडदा असाच राहणार. तुम्ही ऐकायचं, बघायचं नाही. खाली रस्त्यावर कुठला बँड उभा आहे हे तुम्हाला कळलं की संपलं — मग उद्या लोक म्हणणार, परीक्षकानं वाजवणं ऐकलंच नाही, कोटाचा रंग बघून नंबर दिले. म्हणून तर तुम्हाला माझ्या झोपायच्या खोलीत कोंडून ठेवलंय. वर्षातून एक शुक्रवार या डोंगरातल्या गावांना वेड लागतं, तो हा शुक्रवार. बसमधून उतरायचं, रस्त्यानं वाजवत यायचं, या खिडकीखाली थांबायचं, तुमची शिट्टी झाली की एक मार्च, म्हणजे पावलं टाकायची चाल, वाजवायचा, अन् परत बसमध्ये बसून पुढच्या गावाला. रात्रीपर्यंत हेच. — उशी देऊ पाठीला? ही एनॉकची आहे, आमच्या यजमानांची. घ्या, तो काही आता झोपायला येत नाही.

आत्ता वाजवून गेले ते कोण, हे मी सांगणार नाही. मला माहीतच नाही, मी खाली कपबशा धूत होते. एवढंच म्हणते की शेवटचा सूर असा ओढून ओढून धरायची खोड एकाच गावाला आहे, अन् त्या गावातला पाव चांगला असतो. — मार्क्लिफ म्हणाले का मी? मी पाव म्हणाले. तुम्ही मनात काय आणलंत ते तुमचं तुम्हाला ठाऊक. लिहा तुम्ही, मी बोलत नाही.

चहात साखर किती? — बरं, मान हलवा, चालतं. बोलू नका, नियमच आहे तसा. मागच्या वर्षीपर्यंत परीक्षक समोरच्या ओग्डनबाईंकडे बसायचे. खोली माझ्यापेक्षा मोठी, गालिचासुद्धा नवा, मी नाही म्हणत नाही. पण त्यांच्याकडे पोपट आहे. आता पोपट बिचारा, त्याला काय कळतं, तो वर्षभर खिडकीत बसून जे ऐकतो तेच बोलणार. परीक्षक कागदावर लिहितायत, खाली बँड येऊन उभा राहतोय, अन् हा पिंजऱ्यातून ओरडतो, ‘शाबास होल्मशॉ, शाबास होल्मशॉ.’ अन् खाली उभा होता तो नेमका होल्मशॉचाच बँड — म्हणजे आमच्या गावचा. मार्क्लिफवाल्यांनी तक्रार केली. चौकशी झाली हो, पोपटाची. ओग्डनबाई म्हणाल्या, तो सगळ्यांनाच तसं म्हणतो. म्हणाल्या, पाववाल्यालाही म्हणतो. पण नाही चाललं. मग समितीनं विचार केला की गावात असं घर कुठलं, ज्याचा बँडशी काडीचा संबंध नाही? आमचं, हार्ग्रीव्ह्जचं. जानेवारीपासून. म्हणून तुम्ही इथं. शिवाय माझ्या पोटात गेलेली गोष्ट बाहेर येत नाही, हे सगळ्या गावाला ठाऊक आहे.

काडीचा संबंध नाही म्हटलं ना मी — हसू येतं. तीस वर्षं हा बँड एनॉकनं चालवला. तीस वर्षं. न्याहारीला बसला की काटा हातात घ्यायचा अन् अंड्यासमोर ताल धरायचा. अंडं गार व्हायचं, पण त्याच्या मनातला बँड कधी चुकायचा नाही. काय वाजवायचे म्हणाल तर सगळं थोरामोठ्यांचं. ऑपेरांच्या सुरुवातीचं संगीत, प्रार्थनागीतं, मेलेल्या जर्मन माणसांचं काहीबाही — जितका माणूस जास्त वर्षांपूर्वी मेला तितकं एनॉकला ते आवडायचं. लोक ऐकायला यायचे, नाही असं नाही. बसायचे. पाऊस असला तर जास्त बसायचे.

मग शाळेत ती मिस थ्वेट आली. संगीताची बाई. सत्तावीस वर्षांची, लाल डबडी मोटार, अन् ते छोट्या तुतारीसारखं कॉर्नेट असं वाजवते की — ते जाऊ दे, मी निःपक्षपाती आहे. तिला बँडमध्ये घेतलं कुणी? एनॉकनंच. म्हणाला, पोरगी गुणी आहे, तिला वळण लावतो. लावलं वळण. नाताळात हा छातीच्या दुखण्यानं या पलंगावर पडलेला, अन् चौकात नाताळची गाणी वाजवायला बँड घेऊन ती गेली. तीन-चार प्रार्थनागीतं झाली, पानं उलटली, अन् पुढं जे सुरू झालं ते — तुम्हाला माहीत असेल, दर गुरुवारी टीव्हीवर ती केसाळ पोरं उड्या मारत गातात, त्यांतलं एक. सगळ्या पोरांच्या तोंडी होतं तेव्हा. ओग्डनबाई, कमरेला पट्टा बांधलेली बाई, चॅपेलच्या पायरीवर नाचल्या. पाद्रीबुवांनी त्यांना सावरायला म्हणून हात धरला, तो सोडायचं विसरले. अन् एनॉक इथं, याच पलंगावर, उठून बसला. मला म्हणाला, ‘अ‍ॅग्नेस, खिडकी लाव.’ मी म्हणाले लावलेलीच आहे. म्हणाला, ‘मग उघड, अन् मला बाहेर फेक.’

घ्या ना, टार्ट घ्या. रूबार्बचा आहे, ते लाल आंबट देठ असतात ना, मागच्या वाफ्यातले. आंबट वाटला तर कस्टर्ड आहे सोबत. — नाही, हा खाऊ शकता तुम्ही. हा वेगळा केलाय.

आता जानेवारीत काय झालं ते ऐका, म्हणजे तुम्हाला कळेल की माणसाचं नशीब कशावर असतं. आमच्या बँडची जानेवारीत सभा असते, अन् त्या सभेत एनॉक दर वर्षी राजीनामा द्यायचा. दर वर्षी. कुणी सरावाला उशिरा येतं, कुणी वाद्य पुसत नाही, काहीतरी निघायचंच, मग हा उभा राहायचा, टोपी डोक्यावर ठेवायचा अन् म्हणायचा, ‘तुम्हाला माझी पद्धत पटत नसेल तर मी निघालो.’ मग नॉर्मन पिकल्सनं म्हणायचं, ‘बस रे एनॉक, नाटकं करू नकोस.’ मग सगळ्यांनी म्हणायचं, बस बस. मग हा बसायचा अन् चहा व्हायचा. रिवाजच होता तो. त्याशिवाय सभा झाल्यासारखी वाटायची नाही कुणाला. नॉर्मन म्हणजे आमचा युफोनियमवाला. ते मोठं पोटाचं, छातीशी कवटाळून वाजवायचं वाद्य असतं ना, त्यावरचा. चाळीस वर्षांचा दोस्त एनॉकचा.

तर यंदा मिस थ्वेट म्हणाली, अर्धा वेळ जुनं वाजवू, अर्धा वेळ लोक आज जे गुणगुणतात ते वाजवू. वाईट काही बोलली नाही ती. एनॉक उभा राहिला. टोपी घातली. ‘हे वाजवायचं असेल तर माझ्याशिवाय वाजवा.’ अन् थांबला. सगळे थांबले. सगळे नॉर्मनकडे बघतायत, अन् नॉर्मनच्या तोंडात टॉफी. ओग्डनबाईंची घरची टॉफी, दोन्ही जबडे एकमेकांना शिवून टाकते अशी. नॉर्मन डोळे फाडतोय, गाल हलवतोय, बोटानं खुणा करतोय — शब्द फुटेना. दुसऱ्या कुणी म्हणायचं, तर ते काम नॉर्मनचं, मधे कसं बोलणार? चाळीस माणसं सभ्यपणानं गप्प बसली. अन् पाद्रीबुवा नवीन, त्यांना रिवाज ठाऊक नाही, ते म्हणाले, ‘फार वाईट वाटतं, हार्ग्रीव्ह्ज, तुमच्या सेवेबद्दल आम्ही आभारी आहोत.’ टाळ्या. झालं. घालून ठेवलेली टोपी काढणार कशी? एनॉक टाळ्यांतून चालत घरी आला.

मी नॉर्मनवर राग धरला नाही. मुळीच नाही. असं म्हणायचं कारण नाही कुणाला.

— थांबा, कोण आलं? नाही, हे लांबचे कुणीतरी आहेत. ढोल फार स्वच्छ वाजतोय, इथला नाही. वाजवा शिट्टी, ऐकून घ्या, मी गप्प बसते.

…

बरे होते. बरे म्हणजे — तुमचं तुम्ही ठरवा. मला मधल्या भागात घाई वाटली, बसला उशीर झाला असेल. लिहिताय ना? लिहा.

काय सांगत होते — हां, घर. तीस वर्षं मी म्हणत आले, एनॉक, जरा शांतता मिळू दे. मिळाली. जानेवारीपासून न्याहारीला काटा नुसता काट्यासारखा पडलेला असतो, अन् हा अंडं गरम खातो. बोलत नाही. मागं कबुतरांच्या खुराड्यात जाऊन बसतो. रेडिओवर ते गंभीर स्टेशन लावतो, तेही आता मान खाली घालून ऐकतो, नातलगाचं पत्र कुणी वाचून दाखवावं तसं. मार्च महिन्यात शहरात मोठी स्पर्धा असते, तिथं सगळ्यांना एकच अवघड रचना वाजवावी लागते, जुन्या वळणाची. मिस थ्वेट बँड घेऊन गेली अन् शेवटून दुसरी आली. त्या दिवशी एनॉकनं दोनदा न्याहारी केली. मला वाफ्यातला सगळ्यात मोठा कांदा आणून दिला, प्रदर्शनात ठेवायचा होता तो. आठवडाभर घरात कसा सण होता. मग मे महिन्यात कामगारांच्या क्लबात तिनं सिनेमातलं, टीव्हीवरचं, नाचायचं असं सगळं वाजवलं, तर दारं उघडी ठेवावी लागली, इतकी गर्दी. रस्त्यावर लोक. झालं, एनॉकनं पंधरवडा अन्नाला तोंड लावलं नाही. म्हणजे बँड हरला की माझ्या घरी सण, अन् जिंकला की सुतक. अन् मजा सांगू? परवा मी दाणे घेऊन खुराड्याकडे गेले तर हा आत कबुतरांना शीळ घालत होता. कुठली चाल? तीच. नाताळातली. केसाळ पोरांची. मला बघून खोकल्याचं सोंग केलं. मी म्हणाले, खोकला सुरात आहे हो तुमचा. दोन दिवस बोलला नाही. तसा नाहीतरी बोलत नव्हताच.

तर साहेब, तुम्ही शहाणे आहात, तुम्हीच सांगा — न बोलता सांगा — अशा बाईनं देवाकडे काय मागावं? आपला बँड आज पहिला आला तर मिस थ्वेट खरी ठरली, एनॉक कायमचा कबुतरांत गेला. शेवटचा आला तर एनॉक खरा ठरला, मग बँडची समिती टोपी हातात घेऊन दारात येणार, हा परत तीस वर्षं मेलेले जर्मन वाजवणार, अन् सगळी तरुण पोरं मार्क्लिफच्या बँडला जाऊन मिळणार, बँड संपला. दुसरा नंबर तर नकोच, दुसऱ्या नंबरात भांडणं फार. तिसरा. मी सगळ्या बाजूंनी विचार करून बघितलाय. तिसरा नंबर असा असतो की प्रत्येकाला वाटतं, माझ्यामुळे एवढं तरी झालं. तिसऱ्या नंबरावर दोन माणसं एका टेबलाशी बसू शकतात. — तसं तुमच्याकडे मी काही मागत नाही. मी मागणारी नाही. मी आपली घरातली गोष्ट सांगितली.

अन् आज तर त्यात आणखी एक भर. नॉर्मन पिकल्स दुपारपासून आडवा आहे. पोट. अगदी उठवत नाही बिचाऱ्याला, म्हणजे उठतो, पण लांब जाता येत नाही. आज, या दिवशी, अन् मार्चच्या मधल्या भागात युफोनियम एकट्यानं गाणार, बाकी सगळे दबून. काय खाल्लं असेल कोण जाणे. जेवायला आमच्याकडेच होता. हो, मीच बोलावलं, चाळीस वर्षांचा दोस्त, सारखा दूर दूर राहतो जानेवारीपासून, म्हटलं मनात काही ठेवायला नको. तीन टार्ट खाल्ले. रूबार्बनं माणसाचं पोट साफ होतं, हे काय मला आता सांगायला हवं? त्यात सोनामुखीची चार पानं जास्त पडली असतील, त्या वयात ती घ्यावीच. कस्टर्ड घातलं की चव कळत नाही. — खा ना, का थांबलात? तुमचा वेगळा आहे म्हटलं ना. वेगळ्या बशीत आहे. बघा, निळी बशी.

मग मिस थ्वेट आली मागच्या दारानं. मला वाटलं विनवण्या करेल, अन् विनवण्या केल्या असत्या तर एनॉक कांद्याला पाणी घालायला निघून गेला असता. पण पोरगी हुशार. त्याच्याकडे बघितलंसुद्धा नाही, मला म्हणाली, ‘हार्ग्रीव्ह्जबाई, नॉर्मनचा भाग आज गाळून टाकतोय आम्ही. चालून जाईल, कुणाच्या लक्षात येणार नाही.’ एनॉक पेपर वाचत होता. पेपर खाली आला. ‘गाळणार? मधला भाग गाळणार?’ ती म्हणाली, ‘काय करणार, माणूस नाही.’ तो म्हणाला, ‘अगं, तो भाग म्हणजे त्या मार्चचा जीव आहे, मुली, तो गाळून काय ढोल ऐकवणार आहेस लोकांना?’ अन् जिन्याखाली जाऊन वाद्य काढलं. तरुणपणी तेच वाजवायचा तो, मी पहिल्यांदा बघितला तो युफोनियमच्या मागं, कान तेवढे दिसत होते. ‘पण एकच मार्च,’ म्हणाला. ‘फक्त आपल्या गावात. वाजवला की मी घरी, पुढच्या गावांना तुझं तू बघ. अन् मी तुझ्या हाताकडे बघणार नाही, मी माझं वाजवणार.’ ती म्हणाली बरं. मला म्हणाला, ‘अ‍ॅग्नेस, ताट झाकून ठेव, मी आलोच.’ ठेवलंय ओव्हनमध्ये.

नॉर्मनचा कोट घातलाय त्यानं. नॉर्मन रुंद, एनॉक काटकुळा, पण बसला अगदी अंगाबरोबर. बँडचं शिवणकाम माझ्याकडेच असतं ना, त्यामुळे शिवण मी परवाच आत घेतली — आज. आज दुपारी घेतली. परवा मी दुसरं काहीतरी शिवत होते.

तुम्ही असे बघू नका माझ्याकडे. कागदाकडे बघा.

— आले. ऐकलंत? ढोलाला ठिगळ आहे, म्हणून तो असा खोकल्यासारखा वाजतो. कुणाचा ढोल ते मी सांगत नाही. शिट्टी नका वाजवू लगेच, चढ चढून आलेत, सहासष्ट वर्षांच्या माणसाला दम तरी घेऊ द्या. कुठल्या माणसाला म्हणजे? कुठल्याही. बँडमध्ये असतात अशी माणसं. — तिसरा, एवढं लक्षात असू द्या. नाही, लक्षात नका ठेवू. — आता वाजवा. वाजवा शिट्टी.

बघा, सुरुवात जरा दणक्यात झाली, पोरं घाबरली की अशी जोरात वाजवतात, त्याचे गुण कापा हवे तर, तिसऱ्यासाठी कुठेतरी कापायलाच लागणार. कॉर्नेट छान आहे, तिचंच आहे ते, म्हणजे कुणाचं तरी. आता पुढं येईल बघा तो मधला भाग, आता सगळे खाली बसतील आवाजानं, अन् हा आपला धबाधबा सुटेल पुढं, त्याला कुणाच्या हाताखाली वाजवायची सवयच नाही, तो म्हणाला ना मी बघणार नाही, मग तिनं कॉर्नेट खाली धरून इकडे हात वर केला की हा तिकडे —

…

…

— थांबला तिच्यासाठी. तुम्ही ऐकलंत ना? तिनं तिथं मधेच हात धरून ठेवला असणार, जुन्या पद्धतीत तिथं कुणी थांबत नाही, एनॉकनं तीस वर्षांत कुणाला थांबू दिलं नाही तिथं. अन् तो थांबला. श्वास धरून थांबला, मला इथं वर कळला तो श्वास. मग तिनं सोडल्यावर निघाला, तिच्याबरोबर, अगदी तिच्या हातातून निघाल्यासारखा. म्हणजे बघत होता तिच्याकडे.

नाही, मला काही झालं नाही. खोलीत धूळ फार आहे, पडदे धुवायचे राहिले.

संपलं. टाळ्या त्यांच्याच आहेत. तुम्ही लिहा, मी जिन्याशी जाते, तो येईल आता, दार ढकलतो तो पायानं, हातात वाद्य असेल. ताट गरम आहे. दोन शब्द ऐकावे लागतील मला — पोरगी चुकली, ढोल फाटका, पोरं घाबरट. ऐकून घेईन. बोलला तरी पुरे.

… बूट वाजतायत. खाली बोलतायत काहीतरी, हसतायत. ओग्डनबाईंचा आवाज. हा एनॉकचा — कुणाला तरी म्हणतोय, ‘सरक जरा, ते खिडकीकडे ठेव, ठोकर लागेल त्याला.’ खिडकीकडे? आमच्या दाराशी कसली खिडकी?

बसचं इंजिन आहे ते.

… गेली. वळणावर गेली बस. पुढच्या गावाला गेले ते.

दार वाजलं नाही ना? मी तर इथंच उभी आहे, ऐकू आलं असतं.

नंबर? कुठला नंबर, साहेब? तिसरा काय अन् शेवटचा काय. जे ऐकलंत ते लिहा, मला काय विचारताय, मी कोण तुम्हाला सांगणारी? आणा इकडे ती बशी. ताट ओव्हनमधून काढून ठेवते, करपेल. अन् असे बसून काय राहिलात — खाली पुढचे खोळंबलेत केव्हाचे. वाजवा शिट्टी.